तार काढणारा हात

माझी धाकटी जाऊ नीट खुर्चीत बसलेली मी फक्त तिच्या लग्नाच्या फोटोत पाहिली आहे. चहा उभ्यानं, जेवण ओट्याला टेकून, आणि फोन आला की स्वयंपाकघरापासून जिन्यापर्यंत येरझाऱ्या. भाजी चिरता चिरता ती कपडे वाळत घालायला जाते आणि कपडे वाळत घालताना तिला पंख्याची वायर सैल दिसते. सासूबाई होत्या तोवर म्हणायच्या, हिच्या पायाला भिंगरी आहे. पुढे पायाचं नाव अख्ख्या बाईला पडलं. आता घरात भिंगरी, कामावर भिंगरी, तिचा नवरासुद्धा तिला भिंगरीच म्हणतो.

जावा जावा उभा दावा, असं म्हणतात. आमच्यात दावा नव्हता, पण मला तिचा ताप व्हायचा हे खरं. मी घरी पडदे शिवते. टाका सरळ यायचा तर माणसाला जरा स्वस्थता लागते, आणि ही बया पाठीमागून दहा वेळा जाणार, जाता जाता कात्री उचलून भलतीकडे ठेवणार, मग मी शोधायला लागले की आपणच आणून देणार. वर विचारणार, "ताई, ही इथे कोणी ठेवली?" आता काय बोलायचं!

आमचे हे म्हणजे तिच्या अगदी उलट. बूट घालायला बसले की वाटतं, आता निवृत्त होऊनच उठतील. बोलणंही तसंच. विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर कधी कधी दुसऱ्या दिवशी येतं. हे आणि भिंगरी कामाला एकाच वर्कशॉपमध्ये, जिथे शहरातल्या विजेवरच्या बस दुरुस्तीला येतात. सकाळची पाळी तिची, दुपारची ह्यांची. ती घराकडे येत असते तेव्हा हे कामाकडे निघालेले असतात. वाटेत भेट झाली तर एकमेकांना हात करतात, तेवढंच.

भिंगरीचा जन्म बॅटऱ्यांत गेला म्हटलं तरी चालेल. माल उचलणाऱ्या गाड्यांच्या त्या अवजड ॲसिडच्या बॅटऱ्या असतात ना, त्यांच्या शेडमध्ये ती बॅटऱ्यांत पाणी घालायच्या कामावर लागली आणि हळूहळू सगळं शिकली. तिथल्या वस्तादानं तिला पहिल्याच दिवशी बांगड्या उतरवायला लावल्या होत्या. बॅटरीच्या दोन टोकांवर धातू आडवा पडता कामा नये, हा तिथला पहिला नियम. पडला तर आतली सगळी वीज एकदम त्यातून धावते, पान्हा लालबुंद होऊन जागीच चिकटतो आणि जवळ हात असेल तर हातही जातो. बॅटरीवर काही पडलेलं दिसलं तर आधी ते उचलायचं, कोणाचं ते नंतर विचारायचं, असं वस्तादानं तिच्या अंगात भिनवलं. इतकं की घरातल्या ड्रॉवरमध्ये घड्याळाचे सेल आणि किल्ल्या एकत्र दिसल्या तरी बोलता बोलता तिचा हात किल्ल्या बाहेर काढून ठेवतो. मग किल्ल्या शोधत आम्ही घर डोक्यावर घेतो आणि ती शपथेवर सांगते की मी हातसुद्धा लावला नाही. खोटं बोलत नाही ती. तिला खरंच माहीत नसतं.

तिचा नवरा, म्हणजे माझे धाकटे दीर, बस चालवतात. त्यांचा मार्ग टेकडीवरच्या वस्तीचा. चढ उभा, आणि चढावरच चार थांबे. थांबलेली भरली बस चढावर पुन्हा उचलायची म्हणजे बॅटरीकडून एकदम दांडगा जोर मागावा लागतो. दिवसातून कितीदा तरी असा जोर काढून काढून बॅटऱ्या तापायच्या आणि लवकर म्हाताऱ्या व्हायच्या. एकदा तर बस ऐन चढावर मान टाकून बसली आणि दिरांना सगळ्या प्रवाशांना उतरवून पायी पाठवावं लागलं. त्या संध्याकाळी ते जेवले नाहीत. भिंगरी त्यांच्याभोवती फेऱ्या मारत राहिली आणि शेवटी म्हणाली, यावर काहीतरी केलंच पाहिजे.

काहीतरी करायचं वर्कशॉपमध्ये आधीच ठरत होतं. बॅटरीच्या जोडीला सुपरकपॅसिटरचा डबा बसवायचा. तो काय असतो, हे भिंगरीनं मला ओट्यापाशी उभ्या उभ्या समजावलं. बॅटरी म्हणजे गच्चीवरची टाकी. पाणी दिवसभराचं, पण नळ बारीक. सुपरकपॅसिटर म्हणजे भरलेली बादली. एका दमात ओता, एका दमात भरा, फक्त दिवसभर पुरणार नाही. बस चढावर उचलायची तेव्हा बादली ओतायची. उतारावर ब्रेक मारला की जी वीज परत येते तिनं बादली पुन्हा भरून घ्यायची. टाकीनं आपलं संथपणे चालू राहायचं. दोघांनी आपापलं काम केलं की बॅटरीवर ताण येत नाही आणि ती जास्त वर्षं टिकते. मी म्हटलं, म्हणजे आमचे हे टाकी आणि तू बादली. ती हसली, पण तोवर दुसऱ्या खोलीत पोचलीही होती.

त्या डब्याच्या खोलीत काम मिळावं म्हणून तिनं साहेबांच्या मागे किती दिवस भुणभुण लावली असेल! साहेब म्हणजे खोलीचे प्रमुख, सरळ माणूस, फक्त सदा थकलेला. शेवटी कंटाळून त्यांनी तिला घेतलं. सकाळी ती डबा भरून, वापरून, तपासून रिकामा करायची. दुपारी त्याच डब्याचे जोड उघडून घट्ट करायचं काम ह्यांचं. टेकडीच्या बसमध्ये बसणारा पहिला डबा तोच होता. भिंगरीचं सगळं चित्त त्या डब्यात. सकाळी पाळी सुरू व्हायच्या कितीतरी आधी ती घरातून निघायची. दिरांनाही रोज सांगायची, थोडे दिवस कळ काढा, तुमची बस टेकडी अशी चढेल की प्रवासी घाबरतील.

फक्त त्या खोलीतला नियम उफराटा होता. बॅटरी रिकामी केली की रिकामी राहते. या डब्याला रिकामं केलं तरी चैन पडत नाही. थोडा वेळ गेला की आत मुरलेली वीज पुन्हा टोकांवर चढते. म्हणून काम संपलं की डब्याच्या दोन टोकांना जोडणारी तांब्याची जाड तार लावून ठेवायची. तार असेल तर डबा झोपलेला, तार निघाली तर जागा. भिंगरीनं मला हे सांगितलं तेव्हा म्हणाली होती, "ताई, जन्मभर ज्याच्यासाठी ओरडा खाल्ला, तेच आता मुद्दाम करायचंय." बोलताना तिचे हात ओट्यावरचे चमचे उगाच सरळ करत होते.

त्या दुपारी ती नेहमीसारखी आली, चप्पल एक इकडे, एक तिकडे. मी मशीनवर होते. कामाचा डगला भिजत घालायला तिनं खिसे रिकामे केले. टेपचं रीळ निघालं, पेन्सिल निघाली, आणि मग आवाज बंद झाला. भिंगरीच्या बाजूनं आवाज बंद झाला की मला चुकल्यासारखं होतं, म्हणून मी मान वर केली. तिच्या हातात तांब्याची एक वेणी होती, दोन्ही टोकांना चिमटे.

मी विचारलं, काय ते? ती म्हणाली, "दादांच्या डब्याची तार." दादा म्हणजे आमचे हे.

पुढचं ती इतकं भराभर बोलली की मला निम्मंच कळलं. कळलं तेवढं पुरे होतं. निघताना डब्यावर आडवा पडलेला धातू दिसला आणि तिच्या हातानं, तिला न विचारता, तो उचलला. डबा आता जागा होता. हे दुपारच्या पाळीवर गेले होते. डब्यावर सकाळची पाटी होती, 'रिकामा'. ती पाटी बघून हे पान्हा घेऊन बसणार आणि पान्ह्याची दोन टोकं लागली की संपलं. मी मशीनवरून उठले तेव्हा पडदा सुईतच अडकलेला होता. तो ओढला गेला आणि फाटला. मी त्याच्याकडे पाहिलंही नाही.

ह्यांचा फोन लॉकरमध्ये असतो, आत न्यायची परवानगी नाही. साहेबांचा कोणी उचलेना. गेटवरच्या पहारेकऱ्यानं उचलला आणि भिंगरीचं बोलणं अर्ध्यात तोडून "बरं, निरोप देतो" म्हणून ठेवून दिला. निरोप काय, कोणाला, काही त्याला कळलं नव्हतं. भिंगरी स्कूटरची किल्ली घेऊन जिन्यात होती. मी तिच्या मागे बसले. स्कूटरवर बसायची मला भीती वाटते आणि हिच्या मागे तर मी कधीच बसत नाही. त्या दिवशी मी तिच्या खांद्याला धरून सारखी म्हणत होते, अजून जोरात, अगं अजून जोरात. सिग्नलला ती थांबली तर मी तिच्या पाठीत बुक्की मारली. आरशात तिचे ओठ हलताना दिसत होते. काय म्हणत होती, कोण जाणे. मी मनात तिला शिव्या देत होते. दिल्या, लपवत नाही. माझ्या नवऱ्याचे हात त्या डब्यात होते आणि डबा जागा होता तो हिच्या वाऱ्यावरच्या वरातीमुळे.

गेटवर पहारेकरी मला आत सोडेना. पास नाही म्हणाला. मी त्याला म्हटलं, पास मागाहून करून देते, आधी माझा नवरा बघू दे. माझा चेहरा बघून तो बाजूला झाला असावा. भिंगरी पुढे पळत होती, मी मागे, आणि त्या लांब शेडमधले सगळे कामगार हातातलं काम सोडून आमच्याकडे बघत होते.

खोलीच्या दाराला काच आहे. काचेतून मला हे दिसले. स्टुलावर बसलेले, हातात रबरी मोजे, मीटर डब्याला लावलेला, आणि हे खाली वाकून स्टँडच्या पायाशी काहीतरी शोधत होते. धड, सबंध, नेहमीसारखे सावकाश. मी भिंतीला टेकले.

भिंगरीनं काच वाजवली. ह्यांनी वर पाहिलं, मोजे काढले, एकावर एक ठेवले, मग बाहेर आले. आम्ही दोघी धापा टाकतोय, मी घरच्या साडीत, पायात भलत्याच चपला, आणि ह्यांनी काही विचारलं नाही. म्हणाले, "आणलीस का तार?"

"तुम्हाला माहीत होतं?" भिंगरीनं विचारलं.

"रोज खिळ्याला लटकवलेली असते. आज खिळ्यालाही नव्हती. म्हटलं खाली पडली की काय."

रोज, हा शब्द तिला जाऊन लागलेला मी पाहिला. ती जागच्या जागी थिजली. मग एकेक करत सगळं बाहेर आलं. आज पहिल्यांदा नव्हतं. कितीतरी दिवस हे दुपारी येऊन बघत होते, तर तारेचं एक टोक सुटलेलं आणि तार शेजारच्या खिळ्यावर. जाता जाता तिचा हात तेवढं करून जात होता. हे मीटर लावायचे, डबा पुन्हा रिकामा करायचे, तार जोडायचे आणि कामाला लागायचे. कोणाला सांगायचे नाहीत. तिलाही नाही, मलाही नाही.

का, असं मी विचारलं. आवाज चढलाच माझा. हे म्हणाले, सांगितलं असतं तर साहेबांनी तिला त्या खोलीतून काढलं असतं. केवढी धडपड करून मिळालंय तिला. मी रोज बघतोच आहे की. घरातल्या घरात निभावतंय, तर बाहेर कशाला?

भिंगरी फार हळू बोलली. "डब्याला नातं कळत नाही, दादा. उद्या तुम्ही रजा घेतलीत तर? तुमच्या जागी जो येईल तो खिळा बघायला कशाला जाईल?"

मग तिनं आणखी एक विचारलं, जे मला सुचलं नव्हतं. पहिल्या दिवशी तार नाही हे कसं कळलं? ह्यांनी उजवा हात हळूच खिशात घातला.

मी तो बाहेर ओढून काढला. अंगठ्याच्या मुळाशी तो डाग होता, भरून आलेला, चकचकीत, लाल. मला तो चांगला माहीत होता. गरम पाइपला हात लागला, असं मला सांगितलं होतं. कित्येक रात्री मी त्याला मलम लावलं होतं आणि लावताना बोलले होते, इतके सावकाश असून हात कसा भाजतो तुमचा. हे ऐकून घेत होते. माझ्याच मांडीवर हात ठेवून हा माणूस मला थाप मारत होता, भावजयीची नोकरी सांभाळायला. मला रडू आलं नाही. इतका राग आला की कानशिलं तापली.

भिंगरीनं तो डाग पाहिला आणि वळून साहेबांच्या केबिनकडे चालू लागली. हे तिच्यामागे, त्यांच्यामागे मी.

साहेब फायलीतून वर बघेपर्यंत तिनं सांगून टाकलं होतं. तार मी काढते, रोज काढते, मला कळतही नाही. बोलताना तिनं हातातली वेणी त्यांच्यासमोर धरली होती. साहेबांनी ह्यांच्याकडे पाहिलं. ह्यांनी घसा साफ केला. इतक्या वर्षांत मी ह्यांना इतक्या चटकन उत्तर देताना पाहिलं नव्हतं.

"नाही साहेब. तिचा गैरसमज झालाय. तार मीच काढून ठेवतो, कामाला आडवी येते म्हणून. आज तिनं बहुतेक खाली पडलेली उचलून नेली."

भिंगरी म्हणाली, दादा खोटं बोलतायत. हे म्हणाले, ती उगाच माझ्यासाठी अंगावर घेतेय. साहेब एकदा हिच्याकडे, एकदा ह्यांच्याकडे बघत राहिले. दोघंही म्हणतायत चूक माझी, मग दंड कोणाला करू, असं काहीसं पुटपुटले. त्यांना कोणाचं पटलं ते मला दिसत होतं. जुना माणूस, शांत माणूस, कधी वावगं वागला नाही. ही म्हणजे घाईघाईनं काहीही बोलणारी. त्यांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, ठीक आहे, या वेळी नुसती समज देतो, पुन्हा असं नको, विषय संपला.

विषय संपला असता. घरी गोडीगुलाबी झाली असती. भिंगरीची खोली राहिली असती, टेकडीची बस तिच्या हातच्या डब्यावर चढली असती आणि दीर तिला मिरवत फिरले असते. ह्यांना काय, दोन शब्द ऐकून घ्यायचे, त्यात हे तरबेज. मी फक्त गप्प बसायचं होतं.

"साहेब, उद्या पुन्हा जाईल माझा हात," भिंगरी म्हणाली. साहेब समजुतीनं हसले, जसं आपण मोठेपणा दाखवणाऱ्या माणसाला हसतो. तेव्हा तिनं माझ्याकडे पाहिलं. ती खोली तिला किती हवी होती हे तिच्या तोंडावर लिहिलेलं होतं, आणि ती मला काय करायला सांगत होती हेही.

मी ह्यांचं मनगट धरलं आणि हात उताणा करून साहेबांच्या टेबलावर ठेवला.

"हा हात डब्यानं भाजलाय, साहेब, पाइपानं नाही," मी म्हटलं. "ज्यानं स्वतः तार काढली, तो असा फसेल का?"

ह्यांनी हात ओढून घ्यायला पाहिलं. मी सोडला नाही. शेजारी भिंगरी उभ्यानं रडत होती, आणि साहेब चष्मा लावून तो डाग बघत होते.